जामीनकीची सही

पनवेलमधील पुष्कळ मध्यमवर्गीय घरांना एक प्रसंग परिचयाचा आहे. शेजारी, मेहुणा किंवा कचेरीतील सहकारी संध्याकाळी घरी येतो. चहा होतो, मुलाबाळांची चौकशी होते आणि निघण्याच्या बेतात असताना पाहुणा पिशवीतून एक छापील कागद काढतो. "काही नाही, नुसती सही हवी आहे. हप्ते मीच भरणार." घरचा कर्ता पुरुष चष्मा शोधतो, पण कागद वाचण्यासाठी नव्हे, सहीची जागा दिसावी म्हणून. त्यानंतर चारपाच वर्षे त्या सहीची कोणासही आठवण राहात नाही. मग एके दिवशी पोस्टमन पोचपावतीचे पाकीट देऊन जातो. ज्याने एका रुपयाचेही कर्ज घेतले नाही अशा माणसाला त्या पाकिटातून कळते की, तो काही लाख रुपयांचे देणे लागतो.

हा प्रश्न आज पहिल्या पानावर घेण्याचे कारण उघड आहे. आपल्या गावच्या कर्नाळा नागरी सहकारी बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने २०२१ च्या ऑगस्टमध्ये रद्द केला आणि सहकार खात्याला अवसायक नेमण्यास सांगितले. ठेवीदारांपैकी सुमारे पंच्याण्णव टक्के लोकांना आपली पूर्ण रक्कम ठेव विम्यातून मिळेल, असे त्या वेळी रिझर्व्ह बँकेने सांगितले होते. उरलेल्यांचा, म्हणजे पाच लाखांच्या विमामर्यादेपलीकडे ज्यांची पुंजी अडकली त्यांचा, डोळा वसुलीकडे लागणे स्वाभाविक आहे. बँकेच्या कारभारासंबंधी जे आरोप झाले त्यांचा निवाडा न्यायालये करतील. त्यात आम्ही शिरत नाही. परंतु बँक बुडाली म्हणजे कर्जेही बुडाली, ही समजूत मात्र चुकीची आहे. बँकेचे दार बंद झाले तरी कर्जरोखे जिवंत राहतात आणि त्यांच्या खाली केलेल्या जामीनदारांच्या सह्याही जिवंत राहतात. अवसायकाचे मुख्य काम बँकेचे येणे गोळा करण्याचेच असते. शेजारच्या पेणची अर्बन बँक २०१० साली अडचणीत आली तेव्हापासून या जिल्ह्याने ठेवीदारांचे अश्रू पाहिले आहेत. जामीनदारांची काळजी मात्र चार भिंतींच्या आतच राहिली, कारण जामीन राहून फसलो हे सांगण्याची सुशिक्षित माणसाला लाज वाटते.

प्रथम कायदा काय म्हणतो ते स्पष्टपणे पाहू. भारतीय करार कायदा १८७२ सालचा आहे. त्याचे १२६ वे कलम जामीनकीची व्याख्या करते. ऋणकोने देणे चुकते केले नाही तर ते आपण चुकते करू, असे तिसऱ्या माणसाने धनकोला दिलेले वचन म्हणजे जामीनकी. १२८ वे कलम अवघ्या एका वाक्याचे आहे, आणि त्या एका वाक्याने आजवर किती घरांची झोप उडवली असेल ते सांगवत नाही. करारात निराळे ठरले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी मूळ ऋणकोच्या जबाबदारीइतकीच व्यापक असते, असे ते सांगते. मुद्दल तेवढेच, व्याज तेवढेच आणि खर्चही तेवढाच.

यावर बहुतेक लोकांचा प्रश्न असतो की, बँकेने आधी कर्जदाराला धरावे, त्याचे घरदार विकावे आणि काही उरले तरच आमच्याकडे यावे, हा साधा न्याय नव्हे काय? सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नाचे उत्तर १९६८ सालीच दिले आहे. बँक ऑफ बिहारच्या खटल्यात खालच्या न्यायालयाने बँकेला असेच बजावले होते की, मूळ ऋणकोविरुद्धचे सर्व उपाय संपल्यावरच जामीनदाराविरुद्ध हुकूमनामा बजावावा. सर्वोच्च न्यायालयाने ही अट काढून टाकली. धनकोला जामीनदाराकडे जाण्यापूर्वी थांबायला लावले तर जामीन घेण्याचा हेतूच विफल होतो, असा त्या निर्णयाचा आशय आहे. पुढे १९९२ साली स्टेट बँकेच्या एका प्रकरणात त्याच न्यायालयाने आणखी एक पाऊल टाकले. कर्जाला मालमत्तेचे तारण असले तरी ते आधी विकलेच पाहिजे असे बंधन हुकूमनाम्यात नसेल, तर बँक थेट जामीनदाराविरुद्ध दरखास्त चालवू शकते. थोडक्यात, पहिला नंबर कोणाचा हे बँक ठरवते. ज्याच्याकडून वसुली सोपी, त्याचा नंबर पहिला लागतो, आणि नोकरदार जामीनदाराइतके सोपे गिऱ्हाईक दुसरे कोण? कर्जदार गाव सोडून जातो, दुकान बंद करतो, फोन उचलत नाही. जामीनदाराचा पत्ता, पगार आणि घर ही तिन्ही जागच्या जागी असतात.

सहकारी बँका आणि पतसंस्था यांच्या बाबतीत मार्ग आणखी जवळचा आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या १०१ व्या कलमाखाली निबंधक चौकशी करून वसुलीचा दाखला देतो. दिवाणी दाव्याची वर्षानुवर्षांची वाट तेथे पाहावी लागत नाही. त्या दाखल्यावर वसुली अधिकारी १९६१ च्या नियमांतील १०७ व्या नियमानुसार जप्ती व लिलाव करू शकतो. या दाखल्याविरुद्ध १५४ व्या कलमाखाली फेरतपासणी अर्ज करता येतो. परंतु तो दोन महिन्यांत करावा लागतो आणि त्यासाठी येणे रकमेचा निम्मा भाग आधी भरावा लागतो. अन्याय झाला असे सांगण्यासाठीच ज्याला लाखाचे पन्नास हजार मोजावे लागतात, त्याचे अपील बहुधा तोंडातच राहते.

दुसरा मार्ग २००२ च्या प्रतिभूती कायद्याचा, म्हणजे लोक ज्याला सरफेसी म्हणतात त्याचा. तो सहकारी बँकांना लागू आहे की नाही हा वाद दीर्घकाळ चालला होता. कोल्हापूर जिल्ह्यातील मुरगुडच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ५ मे २०२० रोजी तो लागू असल्याचा निर्णय दिला. या कायद्यात 'कर्जदार' या शब्दाच्या व्याख्येतच जामीनदाराचा समावेश केलेला आहे. साठ दिवसांची नोटीस द्यायची आणि तेवढ्यात पैसे न आल्यास न्यायालयात न जाता तारण मालमत्तेचा कब्जा घ्यायचा, अशी त्याची रीत. येथे एक भेद जामीनदाराने नीट ध्यानात ठेवावा. त्याने केवळ सही दिली असेल, आपले घर गहाण लिहून दिले नसेल, तर या कायद्याखाली त्या घराचा कब्जा घेता येत नाही. त्यासाठी हुकूमनामा किंवा वसुलीचा दाखला लागतो. परंतु घराचे कागद जर बँकेच्या तिजोरीत ठेवले असतील, तर त्या घरात आणि कर्जदाराच्या घरात कायदा फरक करीत नाही.

व्यापारी व कारखानदार यांच्यासाठीही एक गोष्ट सांगणे अगत्याचे आहे. आपल्याच कंपनीच्या कर्जाला संचालक व्यक्तिशः जामीन राहतात. कंपनी दिवाळखोरीत गेली, तिच्या देण्याची तडजोड मंजूर झाली, म्हणजे आपणही सुटलो असे पुष्कळांना वाटे. २१ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही आशा मालवली. कंपनीची योजना मंजूर झाल्याने तेवढ्यावरूनच जामीनदार मोकळा होत नाही, असे त्या निर्णयाने स्पष्ट केले.

हे सारे वाचून 'चोर सोडून संन्याशाला सुळी' ही म्हण कोणाच्याही ओठावर येईल. आमच्याही आली. परंतु संपादकाने केवळ हळहळ करून भागत नाही. नाण्याची दुसरी बाजू पाहिली पाहिजे. बँकेचा पैसा हा बँकेचा नसतो. तो गिरणीतून निवृत्त झालेल्या कामगाराचा, विधवेचा आणि मुलीच्या लग्नासाठी पैपै साठवणाऱ्या शिक्षिकेचा असतो. जामीनदाराला मोकळे सोडले की त्याचे ओझे या ठेवीदारांवर पडते, आणि ठेवीदाराने तर कोठेच सही केलेली नसते. दोन निरपराध माणसांतून कोणी सोसावे, असा प्रश्न आला तर ज्याने वचन दिले त्याने आधी सोसावे, हे कायद्याचे म्हणणे कठोर असले तरी अविचारी नाही.

इतिहासही याच बाजूने बोलतो. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांचे रोखे जाळले आणि दख्खनचा दंगा भडकला. चार वर्षांनी, आपल्या पनवेलजवळच्या शिरढोणचे सुपुत्र वासुदेव बळवंत फडके यांचे बंड ज्या साली गाजले त्याच १८७९ साली, दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा सरकारला करावा लागला. पण रोखे जाळून पत निर्माण होत नाही. ती निर्माण करण्याचा उपाय जर्मनीत रायफायझन यांनी दाखविला होता. एकट्या गरिबाला कोणी कर्ज देत नसेल तर दहा गरिबांनी एकमेकांची हमी घ्यावी, हा तो उपाय. हिंदुस्थानात १९०४ साली सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा झाला तेव्हा ग्रामीण संस्थांच्या सभासदांवर अमर्याद जबाबदारी घातली गेली ती याच तत्त्वावर. जमीनजुमला नसलेल्या माणसाला शेजाऱ्याच्या शब्दावर कर्ज मिळावे ही एक सामाजिक क्रांतीच होती. तेव्हा जामीनकी ही मूळची वाईट प्रथा नव्हे. जामीनकीचा पाया एकमेकांची माहिती आणि एकमेकांवरील नजर हा होता. तो पाया खचला आणि सही तेवढी शिल्लक राहिली, हे खरे दुखणे आहे.

आम्ही काही वर्षे शाळामास्तरकी केली आहे. शिक्षकांच्या खोलीत पतसंस्थेचा अर्ज एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर कसा फिरतो ते आम्ही जवळून पाहिले आहे. आज मी तुझ्यासाठी, उद्या तू माझ्यासाठी! मुलांच्या निबंधातील ऱ्हस्वदीर्घाच्या चुका लाल शाईने दाखविणारी मंडळी त्या अर्जातील एक ओळही न वाचता सही करीत. त्यांत आम्हीही होतो. एका सहकाऱ्याचे हप्ते थकले आणि त्याच्या दोन जामीनदारांच्या पगारातून कपात सुरू झाली, तेव्हा प्रथम त्या खोलीत अर्जाची मागची बाजू वाचली गेली. तोपर्यंत फार उशीर झाला होता. त्या दोघांनी शेवटपर्यंत एका शब्दाने तक्रार केली नाही, पण त्या तिघांचा एकत्र चहा मात्र कायमचा थांबला. भीड ही भिकेची बहीण, असे आपले पूर्वज म्हणत. ती मैत्रीचीही वैरीण आहे, हे आम्ही त्या दिवशी शिकलो.

आता जामीनदाराच्या बाजूने कायद्यात काय आहे ते सांगितले पाहिजे. तेही थोडे नाही. बँकेने जामीनदाराच्या संमतीवाचून मूळ कराराच्या अटी बदलल्या, तर १३३ व्या कलमानुसार त्यापुढील व्यवहारांपुरता तो मुक्त होतो. बँकेने करार करून ऋणकोला सोडून दिले, त्याच्याशी परस्पर तडजोड केली किंवा त्याला मुदत देण्याचे वचन दिले, तरी १३४ व १३५ ही कलमे जामीनदाराच्या मदतीस येतात. मात्र बँक नुसती स्वस्थ बसली, तिने दावा लावण्यास उशीर केला, एवढ्याने तो सुटत नाही. १३७ वे कलम तसे स्पष्ट म्हणते. सर्वांत मोलाचे कलम १४१ वे आहे. कर्जाचे तारण बँकेने गमावले किंवा जामीनदाराला न विचारता सोडून दिले, तर त्या तारणाच्या किमतीइतकी त्याची जबाबदारी कमी होते. स्टेट बँक ऑफ त्रावणकोरच्या खटल्यात, त्याच १९६८ साली, गहाण मालात सुमारे पस्तीस हजार रुपयांची तूट आली होती. तेवढ्या रकमेपुरते जामीनदाराला सर्वोच्च न्यायालयाने मोकळे केले.

पैसे भरावे लागलेच तर हात चोळत बसण्याचे कारण नाही. १४० व्या कलमाने जामीनदार बँकेच्या जागी येतो आणि तिचे सर्व हक्क त्याला मिळतात. १४५ व्या कलमाने त्याला ऋणकोकडून भरपाई मागता येते. सहा लाखांच्या कर्जाला तिघे जामीन असतील आणि बँकेने एकाकडूनच सहा लाख वसूल केले, तर १४६ व्या कलमानुसार इतर दोघांकडून प्रत्येकी दोन लाख मागण्याचा त्याला अधिकार आहे. चालू स्वरूपाची जामीनकी असेल तर, १३० व्या कलमाखाली लेखी नोटीस देऊन भावी व्यवहारांपुरती ती मागे घेता येते. पगाराचे म्हणाल तर, दिवाणी न्यायालयाच्या सामान्य हुकूमनाम्यात पगारातील पहिले एक हजार रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश यांना जप्ती लागत नाही. चाळीस हजार पगार असेल तर महिना तेरा हजारांहून अधिक जप्त होत नाहीत. भविष्यनिर्वाह निधीलाही त्याच कायद्याचे संरक्षण आहे.

दुर्दैव असे की, ही ढाल पुष्कळदा जामीनदाराने स्वतःच्या हाताने खाली ठेवलेली असते. 'मला या कायद्याखाली मिळणारे सर्व हक्क मी सोडून देत आहे' अशा अर्थाचा मजकूर छापील जामीनपत्रांत बारीक अक्षरांत घातलेला असतो. पुढे न्यायालयात तोच मजकूर बँकेचा वकील मोठ्याने वाचून दाखवतो.

सबब आमच्या काही सूचना आहेत. पहिली बँकांना आणि पतसंस्थांना. जामीनपत्राची प्रत जामीनदाराच्या हाती त्याच दिवशी, मराठीतून, दिली पाहिजे. तीन हप्ते थकताच त्याला पत्र गेले पाहिजे. व्याज वाढून रक्कम दुप्पट झाल्यावर कळविण्यात सावधपणा नाही आणि सचोटीही नाही. दुसरी सहकार खात्याला. १०१ व्या कलमाखालील चौकशीत जामीनदाराला खरोखर ऐकून घेतले जाते की दाखल्यावर नुसता शिक्का उमटतो, हे खात्याने तपासावे. निम्मी रक्कम भरण्याच्या अटीतून ज्याने स्वतः पैसा घेतलाच नाही अशा जामीनदाराला सवलत देता येईल काय, याचा विधिमंडळाने विचार करावा. तिसरी अवसायकांना. कायद्याने नंबर लावण्याचा अधिकार तुम्हाला दिला आहे, पण तो सोयीने नव्हे तर न्यायाने वापरावा. मोठे थकबाकीदार आणि त्यांचे तारण आधी, तृतीय श्रेणीच्या कारकुनाची सही नंतर, हा क्रम कायद्याने सक्तीचा नसला तरी नीतीने आहे. वसुलीच्या फोनसंबंधीही नियम आहेत. सकाळी आठच्या आधी व संध्याकाळी सातनंतर असे फोन करू नयेत, असे रिझर्व्ह बँकेने २०२२ साली बजावले आहे.

आणि चौथी सूचना आपणा सर्वांना. नोटीस आली तर ती कपाटात ठेवू नये. साठ दिवसांच्या आत लेखी हरकत दिली तर बँकेला पंधरा दिवसांत तिचे कारणासह उत्तर द्यावे लागते, आणि कब्ज्याच्या कारवाईनंतर पंचेचाळीस दिवसांत ऋणवसुली न्यायाधिकरणाकडे जाता येते. हे दिवस एकदा गेले की परत येत नाहीत. सही करण्यापूर्वी मात्र मनाला एकच प्रश्न विचारावा, की हे सारे कर्ज मला स्वतःला फेडावे लागले तर मी ते फेडू शकेन काय? उत्तर 'होय' असेल आणि माणूस त्या लायकीचा असेल, तर सही अवश्य करावी. शेजारधर्म अजून जगायचा आहे. उत्तर 'नाही' असेल तर हात जोडून नकार द्यावा.

पनवेल झपाट्याने वाढत आहे. २०१६ साली येथे महानगरपालिका झाली, २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये विमानतळाचे उद्घाटन झाले. घरे वाढतील, धंदे वाढतील, कर्जे वाढतील आणि त्यांबरोबर सह्या मागणारे हातही वाढतील. पूर्वीच्या पनवेलीत सही देणारा आणि घेणारा एकाच आळीत राहात. हप्ता चुकला तर देवळात तोंड चुकवावे लागे. आजच्या वीसमजली इमारतीत समोरच्या दाराच्या पाटीवरील नावही ठाऊक नसते. ओळख पातळ झाली असली तरी सहीचे वजन पूर्वीइतकेच आहे. ते वजन उचलण्यापूर्वी आपले खांदे पाहावेत, एवढेच आम्हास सांगावयाचे आहे.